काळ्या बर्फावरचा वॉल्ट्झ

दुलूथ, ९ नोव्हेंबर १९६१

प्रिय ऑर्विल,

अक्षर ओळखलंस का? सतरा वर्षांनी पाहतोयस. पाकीट फाडून टाकण्याआधी एवढं वाच, कारण मला एक गोष्ट विचारायचीय आणि ती तुझ्याशिवाय कुणालाच ठाऊक नाही.

परवा दुपारी टीव्हीवर आपला सिनेमा लागला होता. माझी नेटी ओरडली, "आई, धाव! तो वेंधळा माणूस बघ, कसला पडतो!" तिला काय ठाऊक, त्याच्याशेजारी फतकल मारून बसलेली बाई तिची आईच आहे! मी हातातली बटाट्याची साल तशीच धरून उभी राहिले.

आठवतं ना, कॅमेऱ्यात प्रतिबिंब छान दिसावं म्हणून स्टुडिओतल्या स्केटिंगच्या बर्फात काळा रंग कालवला होता. आपले कपडे पांढरेशुभ्र. पडलं की झगा वाया आणि अर्धा दिवस पाण्यात. आदल्याच दिवशी दिग्दर्शक मला म्हणाला होता, "पोरी, आता पडलीस तर परस्पर घरी जा." माझ्या पगारावर आजारी आई होती. आणि एरवी पडून हसवायचीच कामं मिळणाऱ्या तुला महिनाभर मिनतवाऱ्या करून तो वॉल्ट्झचा नाच मिळाला होता. त्यात एकही विनोद नव्हता, नुसतं सुंदर स्केटिंग. तुझ्या मागे आम्ही आठजणी, आणि माझा पाय सटकला.

मला वाटत आलं, मी हळूच उठले असते, कुणाला कळलंही नसतं. तेवढ्यात तू येऊन माझ्यावर आदळलास, तंगड्या वर, टोपी उडाली, सगळा स्टुडिओ हसून लोटपोट, आणि सिनेमात तोच तुकडा ठेवला. तू माझ्या फजितीवर टाळ्या मिळवल्यास असं मी धरून बसले. तुझ्याशी बोलले नाही, सिनेमा पुरा होताच निरोप न घेता इकडे निघून आले. पुढे तुझे अकरा सिनेमे आले, आणि अकराही सिनेमांत तू पडलास म्हणे. मी एकही पाहिला नाही.

परवा मात्र डोळे फाडून पाहिलं. माझ्या झग्यावर तव्याएवढा काळा डाग होता रे! तो कसला लपतोय? आणि आपण स्केटिंगवाले जाणतो, खरोखर घसरणारा समोर बघत असतो, मुद्दाम पडणारा आधी जागा हेरतो. तू आधी माझ्याकडे पाहिलंस, मग बर्फाकडे, आणि मग पडलास. दिग्दर्शक तुझ्यावरच खेकसला होता, "तिला कशाला पाडलंस, गाढवा?" तू मान खाली घालून ऐकून घेतलंस. माझी नोकरी राहिली. तुला पुन्हा कुणी वॉल्ट्झ दिला नाही.

मुद्दाम पडलास ना? का, हे विचारायला मला तोंड नाही. चुकले मी, ऑर्विल. डिसेंबरात आमचं तळं गोठतं, त्या बर्फात कुणी रंग कालवत नाही. ये. तुझा वॉल्ट्झ पुरा कर. गुडघे कुरकुरत असले तर सावकाश कर. मी काठावर उभी राहीन, आणि या खेपेला पडलास तर हात द्यायला मी येईन.

तुझीच,
विल्मा