राक्षसाचा साधा आवाज

१३ जुलै २०२५, रविवार

दुपारी टीव्हीवर विहिरीतल्या भुताचा तो सिनेमा परत लागला. भूत वर येतं तेव्हा शंभूचं गाणं वाजतं. चौदा सेकंद. आत्या हातातली भांडी टाकून धावत आल्या. भूत पूर्ण बाहेर येईपर्यंत उभ्याच. मग म्हणाल्या, "नुसता गुरगुरतोय. ह्यात माझं लेकरू कुठं हाय?"

खरं आहे. गाण्यात त्याचा आवाज मशीनमधून जाड केलेला असायचा. घरी तो तसा बोलतच नव्हता. बारीक आवाज, थोडा नाकातला.

"तुझ्या फोनात हाय ना त्याचं बोलणं. लाव की जरा."

"चार्जिंग संपलंय, आत्या."

परत खोटं बोलले. सासूशी, तेही मुलगा गेलेल्या.

१४ जुलै, सोमवार

इथे तरी लिहून टाकते.

शंभू गेला ९ जानेवारीला सकाळी. मार्केट यार्डात, आमच्या गाळ्यावर, कांद्याच्या गोण्या उतरवून घेताना. हमालांनी रिक्षाची वाटही पाहिली नाही, हातगाडीवर घालून पळत दवाखान्यात नेलं. उपयोग झाला नाही. पण त्या चौघांचे उपकार मी विसरणार नाही.

त्याचे बोललेले निरोप माझ्या फोनवर होते. "पूर्णी, लिंबं आणू का?" असले. लॅबचे रिपोर्ट येऊन येऊन फोन भरायचा, म्हणून मागच्या वर्षी मीच त्यात करून ठेवलं होतं — आलेलं सगळं नव्वद दिवसांनी आपोआप साफ. सगळ्यांनाच लावलं, त्यात शंभूही आला. ध्यानातच नाही राहिलं. तो गेल्यावर ते निरोप ऐकायची हिंमत होत नव्हती. शेवटी १२ एप्रिलला मन घट्ट करून फोन उघडला. शेवटचा निरोप ९ तारखेला गेला होता. तीन दिवस!

व्हिडिओ आहेत, पण स्टेजचे. बँडमध्ये तो राक्षस व्हायचा — शिंगं, राख, डरकाळ्या. घरचे व्हिडिओ तोच काढायचा आणि काढताना तोंड मिटून हातवारे करायचा. साधं बोललेलं एक वाक्य नाही.

आत्यांना हे माहीत नाही. दर रविवारी विचारतात.

१५ जुलै, मंगळवार

लॅबमध्ये असताना एका मुलीचा फोन. नाव स्पृहा. सिनेमा करते आहे, शंभूचं एक गाणं हवं आहे, वारस म्हणून माझी सही लागेल. यात नवीन काही नाही. पण पुढे म्हणाली, "मॅम, मला तयार गाणं नकोय. सेपरेट ट्रॅक्स हवेत. म्हणजे ड्रम वेगळे, गिटार वेगळं, व्होकल वेगळा."

"व्होकल म्हणजे नुसता त्यांचा आवाज?"

"हो. एकदम रॉ. इफेक्ट लावायच्या आधीचा."

माझ्या हातात कोणाच्यातरी रक्ताची नळी होती. ती आधी नीट स्टँडमध्ये ठेवली. मग विचारलं — असा आवाज कुठे मिळतो?

१६ जुलै, बुधवार

रविराजला फोन केला. शंभूचा ड्रमवाला. "वहिनी, ती हार्ड डिस्क माझ्याकडेच असणार."

असणार! आहे म्हण ना रे बाबा.

१८ जुलै, शुक्रवार

झोप नाही नीट. त्याचे सिनेमे आठवत बसले.

विहिरीतलं भूत पहिलं. ते आलं तेव्हा शंभू आम्हा सगळ्यांना नवे कपडे घालायला लावून घेऊन गेला होता. मग हिंदी पोलिसांचा — त्यात गुंडांच्या अड्ड्यावर वाजतं. मग तो दक्षिणेकडचा, हीरो चाळीस माणसं मारतो. शंभूला म्हटलं, तुझं गाणं लागलं की कोणीतरी मरतंच. तो म्हणाला, "मी खपवतो म्हणून तर बोलावतात."

मला त्या सिनेमांतलं रक्त बघवत नाही. भीती वाटते म्हणून नव्हे, रंग चुकतो म्हणून! शंभूही आधी साखरेच्या पाकात लाल रंग घालून स्टेजवर तोंडातून ओघळ काढायचा. मी एकदा म्हटलं, खरं रक्त इतकं लाल नसतं, त्यात थोडी कॉफी घाल. तेव्हापासून ते रक्त करायचं काम माझ्याकडे. आमच्या ओट्यावर कायम मुंग्या. आत्या म्हणायच्या, "दिवसभर लोकांचं काढती, अन् घरी आली की नवऱ्याचं करती."

विनोदी सिनेमातही वाजलं एकदा. खाष्ट सासू टॅक्सीतून उतरते आणि पाठीमागे शंभूची डरकाळी. सगळं थिएटर हसलं. मला वाईट वाटलं. इतक्या वर्षांची मेहनत, आणि लोक हसतात. तर शेजारी आत्या पदर तोंडात कोंबून हसताहेत आणि शंभू त्यांच्याहून जोरात! "आई, तुझीच चाल आहे गं." "मग! म्या शिकवलीय तिला."

तो गेल्यावरही तीन सिनेमांत वाजला. कोण कुठली माणसं, त्यांना तो आठवतो. अंधारात तीनशे जण एकदम त्याला ऐकतात. मी कोणाला बोलून दाखवलं नाही, पण प्रत्येक सिनेमाच्या शेवटी नावं सरकतात तेव्हा त्याचं नाव येईपर्यंत मी उठत नाही. मनातल्या मनात सगळ्या नावांना नमस्कार करते.

२० जुलै, रविवार

लोकलने खडकीला गेले. रविराजने फॅक्टरीच्या क्वार्टरमधली पत्र्याची ट्रंक पलंगाखालून ओढली. वर त्याची ढोलाची टिपरं, गणपतीच्या पथकाचा झब्बा. तळाशी पिवळ्या फडक्यात गुंडाळलेली डिस्क.

"शंभूदादा म्हणायचा, फेकून दे, कोण मागणार आहे. मी म्हटलं, राहू दे, खायला मागते का?"

मी फडक्यासकट उचलली. पिशवीत न ठेवता छातीशीच धरली. रविराज म्हणाला, "वहिनी, रडू नका हां. मी रडलो तर थांबत नाही, आणि संध्याकाळी ड्युटी आहे."

आत्यांनी आज विचारलं नाही. की विचारायचं सोडलं?

२१ जुलै, सोमवार

डिस्क स्पृहाला दिली. चालेल का, तिलाही सांगता येईना. आठ वर्षं बंद होती.

२६ जुलै, शनिवार

चालली! चालली!

हळू लिहिते. कर्वेनगरमध्ये एका बंगल्याच्या तळघरात स्टुडिओ आहे. स्पृहा आणि तिथला मशीनवरचा माणूस. मला मऊ खुर्ची दिली, चहा दिला. स्पृहा म्हणाली, "मॅम, ऐकायच्या आधी एक सांगू? गाण्याच्या आधी थोडं बोलणं आहे. माइक चालू राहिला होता, आणि सरांना फोन आला असणार."

दिवे कमी केले. आधी खुर्ची सरकल्याचा आवाज. मग शंभू.

"हां, बोल पूर्णी. … नाही गं, अजून एकच राहिलंय. … अगं सर्दी नाही झाली, ओरडून ओरडून झालंय. … आईला म्हण, कढी आंबट नको करू. … ते माझ्यावर सोड. … नाही, उशीर होणार. तू जेवून घे, थांबू नकोस. … हो. राक्षस येतोय म्हण. ठेवू?"

मग खोकला. मग एक, दोन, तीन. आणि ती डरकाळी — मशीनशिवाय. किती साधी! पोरं एकमेकांना घाबरवायला ओरडतात तशी.

सेहेचाळीस सेकंदांचं बोलणं. चार वेळा ऐकलं. दोघांनी घड्याळाकडे एकदाही बघितलं नाही. मशीनवरचा माणूस माझ्याकडे पाठ करून बसून राहिला. भला माणूस.

माझ्या बाजूचं काही ऐकू येत नाही. फोन त्याच्या कानाला होता, माइकमध्ये त्याचंच आलं. "ते माझ्यावर सोड" — काय सोडायचं होतं? मी काय म्हणाले असेन? काही केल्या आठवत नाही.

२७ जुलै, रविवार

आत्यांना समोर बसवलं. आधी खरं सांगितलं. नव्वद दिवस, सेटिंग, ९ एप्रिल. माझ्या हातून गेलं, आणि मी तीन महिने तुमच्याशी खोटं बोलते आहे.

आत्या लसूण सोलत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "मला ठावं हाय. दर रविवारी चार्जिंग संपणारा फोन बघितलाय का कुणी?"

"मग विचारत का होता?"

"तू सांगशील म्हणून. एकलीच वाहत होतीस."

मग स्पृहाने पाठवलेलं ते बोलणं लावून फोन त्यांच्या कानाशी धरला.

पूर्ण ऐकलं. सोललेला लसूण ताटलीतून परत सालींत मिसळला. म्हणाल्या, "कढी आंबट न्हाईच व्हत माझी. त्याला उगा खोड." आणि मग रडल्या. जानेवारीपासून पहिल्यांदा.

संध्याकाळी कढी केली. आंबट होती.

३० जुलै, बुधवार

स्पृहाचा फोन. चाचरत होती. ते बोलणं तिला सिनेमात हवं आहे.

मला राग आला. सिनेमात एक खुनी आहे, हे तिनेच सांगितलेलं. म्हटलं, "आमच्या घरचं बोलणं खुन्याच्या तोंडी घालणार?"

"नाही मॅम! कोणाच्याच तोंडी नाही. सिनेमा सुरू होताना पडदा पूर्ण काळा. नुसता सरांचा आवाज. मग डरकाळी, आणि मग टायटल. लोक आयुष्यभर सरांना घाबरले ना? मला वाटतं, एकदा घरचं माणूस ऐकू दे त्यांना. तुमचं नाव आहे, ते हवं तर कापते. नाही म्हणालात तरी चालेल, प्रॉमिस."

विचार करून सांगते म्हटलं.

३१ जुलै, गुरुवार

एवढंच तर उरलंय माझ्याकडे. ते सगळ्यांना वाटायचं? पूर्णी हे नाव एकट्या शंभूने घेतलेलं. उद्या लॅबमधले सगळे ऐकणार.

३ ऑगस्ट, रविवार

आत्यांना विचारलं. म्हणाल्या, "दे की. विहिरीतलं भूत म्हणून बघितला त्याला लोकांनी, गुंड म्हणून बघितला. कांदा विकणारा, आईच्या कढीला नावं ठेवणारा बी बघू दे."

"माझं नाव आहे त्यात, आत्या. कापा म्हणून सांगते."

"का? चोरून लगीन केलंय का?"

७ ऑगस्ट, गुरुवार

सही केली. नावासकट.

सही करताना स्पृहाला इतकंच म्हटलं, तुम्ही मागितलं नसतं तर ती डिस्क ट्रंकेतच गेली असती. तुमचे उपकार आहेत. तीच रडायला लागली. आजकालच्या मुली पटकन रडतात. बरं असतं ते.

१९ ऑक्टोबर, रविवार

दिवाळीची भांडी घासायला काढली. आत्यांनी शंभूची शिंगंही काढली — कसब्यातल्या तांबटाकडून त्याने खरी तांब्याची ठोकून घेतली होती. दर वर्षीसारखी चिंच लावून घासली. शेजारच्या काकू बघत होत्या. आत्या म्हणाल्या, "बघता काय, लेकाची हायत." काकू गेल्या.

फ्रिजवर परत ठेवली. लखलखताहेत.

१३ नोव्हेंबर, गुरुवार

उद्या सिनेमा लागतोय. आम्ही रविवारी जाणार, सकाळच्या खेळाला. रविराज त्याच्या घरच्यांना घेऊन येतो म्हणाला. यार्डातले ते चार हमालही येणार आहेत. मीच बोलावलं. मी असं कोणाला बोलावत नाही, पण बोलावलं.

लोक हसले तर? त्या सासूच्या सिनेमात हसले तसे? हसू देत. शंभूला चाललं असतं.

मला भीती वेगळीच आहे. तिथे पॉज करता येत नाही.

१६ नोव्हेंबर, रविवार

पडदा काळा. हॉल भरलेला. त्याचा आवाज चारी बाजूंनी आला, आणि कोणीही हसलं नाही. "तू जेवून घे, थांबू नकोस," तो म्हणाला, आणि त्याच्या पुढच्या शब्दाआधी जी जागा आहे ना, तिथे अंधारात एक बाई मोठ्याने म्हणाली, "थांबलेय मी, शंभू."

सगळ्यांनी वळून पाहिलं. आत्यांनी माझा हात घट्ट धरला, तेव्हा मला कळलं की ती बाई मी होते.