चपलांच्या टेपेची वाटणी

मी, खाली सही करणारी, वय एकाहत्तर, धंदा माहितीपट काढणे, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दडपणाशिवाय टाइप करून घेत आहे. धाकटी बहीण शेजारी बसून "मला काही नको गं" म्हणते आहे, ते दडपण मी धरलेले नाही.

कलम १. राहत्या दोन खोल्या बहिणीला. भिंतीतले खिळे उपटू नयेत, भिंत त्यांच्याच भरवशावर उभी आहे.

कलम २. छताचा पंखा आमच्या साउंडवाल्याला. आवाज येतो म्हणून तीस वर्षे जाईल तिथला पंखा बंद करून त्याने आम्हाला घामाने भिजवले. आता म्हणावे, बस वाऱ्याला.

कलम ३. कॅमेऱ्याची तिवई बहिणीच्या नवऱ्याला. "खरा सिनेमा कधी काढणार?" हे ते मला दर भेटीत विचारतात. तिवईचा एक पाय वाकडा आहे, कारण स्टूल समजून ते तिच्यावर बसले होते. तेव्हा मी कॅमेरा झेलला, त्यांना नाही. त्याचा पश्चात्ताप नाही.

कलम ४. उरली एक टेप. इस्त्रीवाल्यांची गल्ली पाडल्यावर आठवड्याने मी तिथे ढिगाऱ्यात चित्रण केले. लोक बुजू नयेत म्हणून कॅमेऱ्याच्या लाल दिव्यावर चिकटपट्टी लावायची माझी सवय. लोक बुजले नाहीत, पण कॅमेरा चालू की बंद हे मलाही कळेना. इस्त्रीवाल्या आजींची मुलाखत झाली तेव्हा तो बंद होता. मुलाखत संपल्यावर तो बंद करायला म्हणून मी बटण दाबले आणि गळ्यातल्या कॅमेऱ्याने चाळीस मिनिटे नुसत्या चपला टिपल्या.

टेपवर आवाज तेवढा आहे. आजी आणि शेजारणी भांडताहेत.

"नळाशेजारी आमचं दार होतं!"

"छे! नळाशेजारी रफूवाली. तुमचं तिसरं."

भांडता भांडता बेचाळीस दारे, कोणाचे कुठले, सगळी सांगून झाली. पालिकेची कचेरी म्हणते, तिथे वस्ती नव्हतीच. होती, याला पुरावा एवढाच. सबब, माझ्या पश्चात ही टेप आजींना द्यावी. संग्रहालयाला देऊ नये. ते ती कुलपात ठेवतील आणि बघायला आलेल्या आजींकडे ओळखपत्र मागतील.

इथे टायपिस्टने हात थांबवला. "बाई, आजींचं वय काय?"

"नव्वदीला आल्या असतील."

"आणि तुम्ही तर ठणठणीत दिसता."

मला मेल्याहून मेल्यासारखे झाले. चित्रण वाईट म्हणून, माझे हसे होईल म्हणून, एकोणीस वर्षे मी ती टेप कपाटात दडवली.

कलम ४ रद्द. येत्या रविवारी दुपारी आजी आता राहतात त्या इमारतीत, जिन्याखाली चादर बांधून टेप दाखवण्यात येईल. सोमवारी तिची प्रत कचेरीत. आजींना आत्ताच फोन केला.

"चपलाच दिसतात, आजी."

"कुणाच्या?"

"सगळ्यांच्या."

"मग सगळ्यांना घेऊन येते," आजी म्हणाल्या. "उरलोय आम्ही अकरा जण."

सही: माहितीपटवाली
साक्षीदार: १. टायपिस्ट २. साउंडवाला
ठिकाण: माझी बसायची खोली
तारीख: रविवारच्या आधीचा गुरुवार