लाल पेटीवर कोणी बसायचे

मी, लिम बोंग-ची, वय त्र्याहत्तर, राहणार यीलान, ताइवान. फिरत्या संगीत नाटक मंडळीत सत्तावन्न वर्षे विदूषक. डोके ठिकाणावर आहे, फक्त जीव दमला आहे. अक्षरे नाटकाच्या वह्यांवरून गिरवली, म्हणून चूकभूल पोटात घालावी. हे मृत्युपत्र कोणाच्या सांगण्यावरून लिहीत नाही.

१. घर नाही, जन्म ट्रकात गेला. शिल्लक आहे त्यात माझे क्रियाकर्म करून मंडळींना बदकाचे जेवण घालावे. रडारड नको, दुसऱ्या दिवशी गळे बसतात.

२. माझे जोडे आणि फाटका पंखा ढोलकीवाल्या त्सुई-तोला. चाळीस वर्षे माझ्या विनोदावर त्याची थाप उशिराच पडली. माफ केले.

३. आता लाल पेटी. नटांचा देव तिच्यातून प्रवास करतो. पाळीतल्या बाईने तिच्यावर बसायचे नाही; विदूषकाने मात्र केव्हाही बसावे, असा आमच्यात जुना नियम. सोळाव्या वर्षी मी राजकन्या करायचे. एकदा पाळीत कंबर धरली म्हणून तिच्यावर टेकले, तर मालक कडाडले, "ऊठ मेले! देव विटाळेल!" मी उठले, नाकाला विदूषकाचा पांढरा रंग फासला आणि पुन्हा बसले. "आता कोण बसलंय, मालक?" सगळे हसले, मालकही. मरताना पेटी माझ्याच नावे करून गेले. राजकन्या मात्र मला पुन्हा कधी मिळाली नाही.

४. हल्ली मंडळी माझा भाचा किंग-सुई चालवतो. गेल्या महिन्यात त्याच्या तेरा वर्षांच्या मुलीला, यून-शीला, पाळी आली, तर खेळ संपेस्तोवर पोरीला ट्रकात बसवले.
"आत्या, पूर्वापार आहे. देवाला कसं चालेल?"
"देवाला काय आई नव्हती, गाढवा?"
तो हसला. पोर तेवढी हसली नाही. म्हणाली, "आजी, मी पुढच्या गावाला येणार नाही."
तेव्हा कळले. सत्तावन्न वर्षे लोक हसले आणि नियम होता तिथेच राहिला. बसायला मिळाले ते नाकावरच्या रंगाला, मला नाही.

५. म्हणून पेटी यून-शीला. देव आत बसेल, ती वर. कंबर दुखेल त्या दिवशी तर नक्कीच. किंग-सुईला पटत नसेल तर त्याने देव स्वतःच्या मांडीवर घेऊन गावोगाव फिरावे.

६. पांढऱ्या रंगाची डबी माझ्याबरोबर पुरावी. पोरीला ती लागणार नाही.

साक्षीदार: त्सुई-तो, ढोलकीवाला (सही वेळेवर केली), त्सान हो-ये, कपडेपटवाली.
सही: लिम बोंग-ची
यीलान, देवळामागे, लाल पेटीवर बसून. ९ एप्रिल २०१९.