मुदतीचे दोन दिवस

मु. धावडा, ता. भोकरदन
माघ वद्य चतुर्थी, शके १८५६

ताराच्या वडिलांना द्वारकेचा शिरसाष्टांग नमस्कार.

इकडं सगळं ठीक, तिकडची खुशाली कळवावी. म्हैस व्याली, रेडी झाली. गहू ओंबीवर आहे. कडूबा भाऊजी तुमच्या माघारी शेत बराबर सांभाळतात. तारा आहे तशीच आहे.

आतापर्यंतची पत्रं जगन्नाथ मास्तर लिहून द्यायचे, म्हणून परक्यासमोर सांगण्याजोगं तेवढंच सांगितलं. आज माहेरी शिकलेली अक्षरं घेऊन मीच बसले आहे. चुका काढू नका, शेवटपर्यंत वाचा.

तुमचं पत्र पोचलं. ‘हकीम शोधून राह्यलो, तवर खडा हलवू नको.’ हेच तुम्ही दसऱ्याला लिहिलं होतं, हेच संक्रांतीला. एवढ्या मोठ्या हैदराबादेत पाच महिन्यांत एक हकीम सापडत नाही? मला राग आला आहे, तो आधीच सांगून टाकते.

विहीर खोदताना तळाला तो उजेडाचा खडा लागला, तेव्हा तुम्ही फेट्याच्या शेमल्यात गुंडाळून किती कौतुकानं घरी आणलात! त्याच्याजवळ विरजण लावलेलं दूध ठेवलं, तर चार दिवस ना दही लागलं ना दूध नासलं. तुम्ही म्हणालात, “हितं दिवस पुढं सरकतच न्हाई गं.” भादव्यात ताराला मुदतीचा ताप भरला. एकोणिसाव्या दिवशी ती बरळायला लागली, वैद्यानं मान हलवली, आणि तुम्ही तो खडा तिच्या उशाशी ठेवलात. मी अडवलं नाही. उलट तिची उशी मीच सरकवून जागा केली. पोर हातची जाऊ नये, एवढंच आपल्याला दिसत होतं.

ती गेली नाही. पण हा ताप एकवीस दिवसांचा, आणि आपण तिला एकोणिसाव्यावरच अडवून ठेवलं. त्या हिरवट उजेडात ती तशीच पडून आहे. नखं वाढली नाहीत. हलणारा दात पाच महिने तसाच लोंबतो आहे. अंगाचा चटका तोच. मुदत संपायला दिवस जावे लागतात, हे आपल्याला सुचलं कसं नाही? की तुम्हाला सुचलं होतं, आणि ते बघायला नको म्हणून तुम्ही गेलात? दोष एकट्या तुम्हाला देत नाही. तिच्याजवळ बसलं की मला भूक लागायची नाही, तहान लागायची नाही. मला ते बरं वाटायचं. घरातलं काम आटोपलं की मी तिथंच.

आता जे इतके दिवस लपवलं ते. तुम्ही गेलात तेव्हा मला तिसरा महिना होता. ताराचा ताप उतरला की सांगू, म्हणत राहिले. परवा सगुणाबाई सुईण आली. पोटावर हात ठेवला आणि माझ्या तोंडाकडं बघतच राहिली. “द्वारके, तुला आठवा सरायला पायजे व्हता. हे तर चवथ्याचंच पोट हाये. लेकरू वाढून न्हाई राह्यलं.”

एक लेकरू अंथरुणात, एक पोटात. दोन्ही आपणच धरून ठेवली.

आज सकाळी मी खडा उचलला. कडूबा भाऊजी आडवे आले. “वैनी, दादाला इचारल्याबिगर करू नका.” मी म्हटलं, “तुमचे दादा हितं असते तर इचारलं असतं.” मग गोणपाटात गुंडाळून त्यांच्याच हातानं तो रानात पुरायला लावला. जागा मला सांगू नका, म्हणून बजावलं. उद्या माझंच मन कच्चं झालं तर?

ताराला आराम पडलेला नाही. उलट ताप चढला आहे. आज विसावा दिवस, उद्या एकविसावा. कपाळावरची पट्टी बदलते, दोन ओळी लिहिते, पुन्हा बदलते. भीती वाटते, फार वाटते. तरी खडा परत आणणार नाही. वाचली तर ती मोठी होईल. नाही वाचली, तर माझ्या मांडीवर असेल.

हे पत्र तुमच्या हाती पडेल तोवर काय व्हायचं ते होऊन गेलेलं असेल. ते मी लिहून कळवणार नाही. तार नाही, निरोप नाही. घरी या, उंबरा ओलांडा आणि स्वतःच्या डोळ्यांनी बघा. पोटातलं लेकरू आजपासून वाढायला लागलं आहे. त्याच्या वेळी मी तुम्हाला पळू देणार नाही.

ताराची आई,
द्वारका