आई, तू ऊन पुसलंस

प्रिय ताई,

गुडघ्यांमुळे वाकून नमस्कार जमत नाही, तो उभ्यानेच मानून घे. तुझी पाठ कशी आहे? मोतीबिंदू काढल्यापासून भावोजींना नीट दिसतं ना? (आता घरात त्यांना काय काय दिसत असेल, असो.) दीड वर्षात तुझं पत्र नाही. कारण दोघींना ठाऊक आहे, आणि चूक माझी होती.

लिहिण्याचं निमित्त तुझी भाची. टॉर्च घेऊन पलंगाखाली शिरणारी ती पोर आता सिनेमाची छायाचित्रकार आहे. (असं सांगितलं की लोक तिला लग्नाच्या तारखा देतात.) सिनेमेही कसले, तर स्वतंत्र. स्वतंत्र म्हणजे दिवे नाहीत, माणसं नाहीत; आहे तो सूर्य, तोही सव्वाचार ते पावणेपाच. पंधरा वर्षं छोटी छोटी कामं केल्यावर हा तिचा पहिला मोठा सिनेमा, आणि त्याचा शेवट माझ्या मागच्या खोलीत घ्यायचा ठरला: एक रिकामी खुर्ची आणि मळक्या काचेतून येणारं ऊन. झोपलेल्या बाळाकडे बघावं तशी ती त्या काचेकडे बघायची. नेमके ढग आले, शूटिंग लांबलं, तेव्हा जाताना एवढंच बजावून गेली की काचेला हात लावू नकोस.

तू मला ओळखतेस. शाळेत सिस्टर खिडकीच्या चौकटीवरून पांढरा रुमाल फिरवायच्या आणि मग रुमालाकडे न बघता माझ्याकडे बघायच्या. (तू वरच्या वर्गात होतीस, तुला कधी भीती वाटली नाही.) त्या रुमालाचा साबणाचा वास आठवला, की अजून माझा हात फडकं शोधतो. तीन दिवस कळ काढली. चौथ्या दिवशी वर्तमानपत्र ओलं केलं.

दुपारी ऊन आलं. कॅमेऱ्यावरचा डोळा न काढता ती म्हणाली, "आई, तू ऊन पुसलंस."

रागावली असती तर बरं झालं असतं. मग आम्ही सगळे धूळ करायला बसलो. पावडर झाली, पीठ झालं, कुंडीतली माती चाळून झाली. दिग्दर्शक शिंकून शिंकून बेजार झाला, आणि काच घाईघाईत मेकअप केलेल्या नवरीसारखी दिसू लागली. शेवटी पोरगी म्हणाली, "धूळ बसावी लागते गं, बसवता येत नाही." उसना कॅमेरा शुक्रवारी परत जाणार. तोवर काही झालं नाही, तर तिच्या सिनेमाला शेवट नाही, आणि त्याला कारण मी.

बाकी सर्व ठीक. पाठीला जप.

तुझी धाकटी

ता. क. तुझ्या माडीवरची पश्चिमेची खिडकी बांधल्यापासून पुसलेली नाही, असं मी चारचौघांत हसून म्हणाले होते. ते शब्द मागे घेते. गुरुवारी आम्ही चौघं कॅमेरा घेऊन येतोय, चारच्या आत.

पुन्हा ता. क. पाहुणे म्हटलं की तू फडकं उचलशील. माझी शपथ आहे.

शेवटचं. त्या दिवशी मी तुझ्या त्या काचेवर बोटाने 'पुसा' लिहिलं होतं. पोरीला सांगितलं तर ती म्हणाली, तेवढं अजून असेल तर तोच माझा शेवट. ताई, तू ते पुसलं असशील तर मला माफ केलंस, आणि नसशील तर पोरीचा सिनेमा वाचला. काय मागावं तेच कळत नाही. तेव्हा राग आहे तसाच राहू दे, निदान गुरुवारपर्यंत.