मंजूनं सोडलेलं सूत्र

३ नोव्हेंबर
विकीवरचं माझं त्रिकोणमितीचं पान पुढच्या महिन्याचा लेख म्हणून मुखपृष्ठावर जाणार! म्हणजे, जाऊ शकतं. तपासणाऱ्या गृहस्थांनी चर्चापानावर अट घातलीय: वाक्यांच्या मधली सूत्रं नीट बसवा. ओळीच्या वर तरंगतात, मोबाईलवर तर ओळी फाटतात. ३० तारखेपर्यंत मुदत.

तरंगणारच. सहा वर्षांपूर्वी सूत्र टाईप करायचा टॅग मला जमेना. मग वहीत सुवाच्य लिहून, फोटो काढून चिकटवली. एकूण त्रेसष्ट. अक्षर चांगलं आहे माझं, फळ्यावरचं बघायला शेजारच्या वर्गातले सर डोकावतात.

करते. सहामाहीचे पेपर तपासून होऊ देत.

७ नोव्हें.
मंजूला विकी मीच शिकवलं. आठ महिन्यांपूर्वी धाकटी जाऊ म्हणून घरात आली. शिरवळच्या कारखान्यातली चांगली नोकरी सोडलेली, दीर महिन्याभरात पलटणीत परत. म्हटलं, पोरगी आटपाडीत नुसती बसून कंटाळेल. चांगुलपणा नडला.

आज तिनं दोन तासांत आठ फोटो काढून टाकले आणि तिथं सूत्रं टाईप केली. ओळीत अशी बसली की जणू पहिल्यापासून तिथंच होती. अपूर्णांक घातला की ओळ फुगायची, तीही फुगली नाही. "आक्का, टॅगमधे एकच अक्षर जास्त घालायचं." एकच अक्षर! मराठी आकडा घातला की लाल रंगात त्रुटी यायची, त्यावरही उपाय काढला बाईनं. आकडा मजकूर म्हणून घालायचा म्हणे.

मी 'छान' म्हटलं. तेवढंच म्हटलं.

१० नोव्हें.
सासूबाई ओट्यावर शेजारणीला सांगत होत्या, "आमची धाकली लय हुशार हाय बग. कांपुटरवर गणितं करती." आणि मी? बारा वर्षं अकरावीला गणित शिकवते, याच घरातून डबा घेऊन जाते. तिथं काय माशा मारते?

ह्यांना सांगितलं. हे डाळिंबाच्या फवारणीतून आलेले, हात धुता धुता म्हणाले, "अगं, तुजंच काम करतीय न्हवं ती?"
तेच तर.

१४ नोव्हें.
पानाचा इतिहास उघडला. वरपासून खालपर्यंत तिचंच नाव. संपादनाच्या सारांशात दर वेळी एकच शब्द. मांडणी. मांडणी. मांडणी. माझं नाव सापडायला मागच्या पानावर जावं लागतं. तपासणाऱ्यांनी तिला धन्यवाद दिलेत. मला सहा वर्षांत एकदाच मिळाले, तेही एका स्वल्पविरामासाठी.

जळतेय मी. इथं लिहिते, म्हणजे कुठंतरी खरं बोलले.

१५ नोव्हें.
मोकळ्या तासाला स्टाफरूममधे बसून तिचं सगळं काम उलटवलं. एक बटण लागतं फक्त. सारांशात लिहिलं, 'सूत्रांची मांडणी बिघडली होती.' धडधडीत खोटं. माझं अक्षर पानावर परत आलं. पाच मिनिटं बरं वाटलं.
डबा मात्र खाल्ला गेला नाही.

१७ नोव्हें.
तपासणाऱ्यांनी मंजूचं काम परत आणलं. वर चर्चापानावर, सगळ्यांदेखत: 'आधीची मांडणी उत्तम होती. कृपया विनाकारण उलटवू नये.' कृपया! मी मागच्या बाकावरच्यांना बोलते तसं.

मंजूनं वाचलं असणारच. सकाळी चहा दिला, साखर कमी, मला लागतो तसा. काही बोलली असती तर बरं झालं असतं. भांडता तरी आलं असतं.

२१ नोव्हें.
बासष्ट झाली. त्रेसष्टावं सोडलंय. पानाच्या तळाशी माझा एक फोटो तसाच तरंगतोय, आणि चर्चापानावर तिचा निरोप: 'आक्का, शेवटचं तुम्हीच करा. मी हात लावलेला नाही.'

शहाणी! म्हणजे बाकीचं पान कुणाचं आणि वाकडं तेवढं कुणाचं, हे जगाला दिसावं. ह्यांना म्हटलं, "मुद्दाम ठेवलंय तिनं. पोराच्या गालाला तीट लावतात तसं."
"मग कर की ते एक. काय जातंय तुजं?"
नाही करत जा.

२६ नोव्हें.
जेवताना मंजू म्हणाली, "आक्का, ते सूत्र बघितलं का?"
"कुठलं?"
"शेवटचं. चारच दिवस राहिलेत."
"बासष्ट केलीस ना? त्रेसष्टावं जड झालं?"
तिनं माझ्या ताटात भाकरी वाढली. मग हळूच, "ते माझ्याच्यानं नाही व्हायचं, आक्का."
सासूबाई म्हणाल्या, "काय चाललंय गं दोघींचं?"
म्हटलं, काही नाही आत्ती, गणित.

२८ नोव्हें.
अकरावी ब. दोन कोनांच्या बेरजेचा कॉस. दर वर्षीचं माझं ठरलेलं ओरडणं: "साइन सरळ, कॉस उलटा! डावीकडे अधिक असेल तर उजवीकडे वजा! इथं चुकलात तर मार्क विसरा." फळ्यावर वजा काढलं आणि खडू हातातच राहिला. हेच सूत्र. पानाच्या तळाशी.

तास संपल्यावर फोटो मोठा करून बघितला. माझं सुवाच्य अक्षर. आणि उजवीकडे अधिक. रेखीव, दोनदा गिरवलेलं अधिक.

आठवडाभर रोज त्या फोटोकडे बघत होते. नुसतं अक्षर बघत होते. सहा वर्षं ते तिथं आहे. माझीच पोरं ते पान वाचतात, मीच सांगते वाचा म्हणून.

२९ नोव्हें.
आज कॉलेजला सुट्टी. टॅग घातला, सूत्र टाईप केलं, वजा घातलं. पहिल्या फटक्यात ओळीत बसलं, सरळ.

खाली सारांशाची चौकट. 'मांडणी' लिहिलं तर कुणाला पत्ता लागणार नाही. बासष्ट वेळा तोच शब्द आहे, त्रेसष्टावा खपून जाईल. मंजूलाही असं गुपचूप करता आलं असतं. किंवा 'गंभीर चूक दुरुस्त केली' लिहून माझी शोभा करता आली असती, १५ तारखेचं उट्टं निघालं असतं. तिनं दोन्ही केलं नाही. तिच्या जागी मी असते तर मला हे सुचलं नसतं. आता याचाही हेवा वाटतोय, काय करू?

'मांडणी' लिहिलं. पुसलं. 'चिन्ह चुकलं होतं' लिहिलं. कुणाचं, ते लिहायचं राहिलंय.

मंजू आतून विचारतेय, "आक्का, चहा टाकू?"
टाक म्हटलं. जतन करायचं बटण अजून दाबलेलं नाही.