पाहुणा चमचा

३ तारीख, सोमवार
आलो एकदाच्या. खोल्या दोनच, पण प्रयोगशाळेच्या आवारात आणि भरपूर उजेडाच्या. माझ्या सात वर्षांच्या लेकीने, ठमीने, आल्या आल्या खिडकीचा कट्टा बळकावला. शेजारी मिस्त्रीकाका आणि काकू राहतात. काकूंनी तर ठमीला लगेच नात करून टाकलं.

काम ऐकून हसू येईल. एका खोलीत कप, चमचे, खुर्च्या अशा एकेचाळीस वस्तू आहेत. रोज यादी घेऊन त्या तपासायच्या. प्रयोगशाळेच्या मुख्य सरांचा छेदसिद्धांत असा, की काळाची रेषा एकच नसते. आपल्यासारखीच दुसरी शेजारून जाते, आणि या खोलीत दोघी अधूनमधून एकमेकींना छेदतात. तेव्हा इकडची वस्तू तिकडे, तिकडची इकडे. फिटंफाट. दिसायला तीच, पण कुठेतरी बारीकसा फरक. म्हणून सर म्हणाले, सासूच्या नजरेने बघा. ती नजर मी आठ वर्षं सोसली आहे, जमेल.

कधी मात्र अदलाबदल अर्धीच होते. मागे तिकडचा एक चमचा आला, पण इथला गेलाच नाही. एका म्यानात दोन तलवारी राहत नाहीत; तिसऱ्या दिवशी पाहुणा चमचा विरून गेला. माणसांचं काय, मी विचारलं. त्यासाठीच दारावर लाल दिवा आहे म्हणाले. तो लागला की हातातलं टाकून बाहेर पडायचं.

५ तारीख, बुधवार
टवका उडालेला आपला कप गेला आणि तिकडचा धड कप आला. मी तो बरोबर ओळखला. सर खूश.

ताईचा निरोप आला, बरं नाही, शुक्रवारी ये, चार दिवस राहा. नव्या नोकरीत रजा कुठून मागू? जमत नाही म्हणून कळवलं. दिवसभर मन खात होतं.

जेवताना ठमीचा पुढचा दात पडला. तिने तो काडेपेटीत जपून ठेवलाय आणि सगळ्यांना दाखवत फिरतेय.

८ तारीख, शनिवार
तपासणी चालू असताना लाल दिवा लागला. दोनच चमचे उरले होते, म्हटलं उरकून टाकू. ठमी जेवायला बोलवायला दारापर्यंत आली होती. आलेच, म्हणाले. वळून पाहिलं तर गेलेली.

घरी आले तर ती दचकलीच. मावशीकडून इतक्या लवकर कशी आलीस, म्हणाली. मला वाटलं, काहीतरी खेळ असेल. मग ती हसली.

दात जागेवर होता. हलतसुद्धा नव्हता. काडेपेटीत नुसत्या काड्या.

९ तारीख, रविवार
ही माझी नाही. काल दाराशी उभी होती, तेव्हाच माझी तिकडे गेली असणार आणि ही आली. हिने गळ्यात हात टाकले, मी झटकले. सर बुधवारपर्यंत परगावी आहेत. काकूही विचारत होत्या, मी मंगळवारी येणार होते ना म्हणून. सगळ्यांनी हे काय धरून ठेवलंय—

१० तारीख, सोमवार
हिला त्या खोलीत बसवून बाहेरून कडी घातली. दिवा लागला की ही जाईल, माझी येईल. आत रडत होती. मी कानांवर हात दाबून उभी. आई म्हणवते मी स्वतःला—

काकूंनी येऊन कडी काढली. मला नाही नाही ते बोलल्या. मग एक चिठ्ठी पुढे केली. ताईच्या गावाहून आजच आलेली. मंगळवारी दुपारच्या गाडीने निघते, ठमीला सांगा खाऊ आणते. तुम्ही इथे, मग ही पाठवली कोणी, असं विचारत होत्या.

अक्षर माझं आहे.

खोलीत जाऊन यादी काढली. टवक्याचा कप तिथेच आहे. बुधवारी आमच्याकडून गेला, तोच.

ठमी कुठे गेलीच नाही. आले ती मी. आणि माझ्या बदल्यात तिकडे कोणीच—

११ तारीख, मंगळवार
पेन धरवत नाही. आरशात मागची भिंत दिसते. ठमीची माफी मागितली, तिने वळूनही पाहिलं नाही. ऐकूच गेलं नसेल.

गाडी आली. माझी पिशवी, माझी चाल. ठमी आई आई करत धावत सुटली.

मी खोलीत येऊन बसले आहे. दिवा लागला तर— लागायला हवा. तिकडे माझी ठमी, दात पडलेली, दाराशी— तीन दिवस झाले. जेवायला बोलावत असेल. मी आलेच म्हणाले होते. ठमे, आ